लाल गार्नेटची सर: मणी अस्सल, ओवणी कच्ची

सहा मिलिमीटरच्या पैलूदार मण्यांची 16 इंची सर. विक्रेत्याच्या पानावर नाव 'नैसर्गिक लाल गोमेद', आणि पहिली खोट तिथेच. गोमेद म्हणजे हेसोनाइट, मधाच्या किंवा गोमूत्राच्या रंगाचा. कूळ गार्नेटचंच, पण ही सर अल्मंडाइनची, म्हणजे गडद लाल गार्नेटची आहे. राहूसाठी गोमेद हवा असेल तर ही घेऊ नका.

दगड मात्र खरा. सर काट्यावर 28 ग्रॅम भरली. अल्मंडाइनची घनता 4च्या आसपास, साध्या काचेची अडीच. म्हणजे याच मापाची काचेची सर 18 ग्रॅमच्या आतबाहेर भरेल. स्वयंपाकघरातला डिजिटल काटा पुरतो. शिसं घातलेली काच वजनाला फसवते, म्हणून चुंबकही लावून पाहावा. थर्मोकोलच्या चकतीवर सुटा मणी ठेवून ती पाण्यावर सोडा आणि निओडिमियमचा चुंबक मण्याच्या अगदी जवळ आणा. अल्मंडाइनमध्ये लोह असतं, त्यामुळे चकती सरकत येते. माणिक किंवा रंगवलेला क्वार्ट्झ असेल तर ती ढिम्म.

रंग गडद आहे. ताटलीत ठेवली की सर काळी वाटते, खिडकीशी धरली की डाळिंबी. अल्मंडाइनचा हा स्वभावच, मणी जितका मोठा तितका काळपट. म्हणून 8 मिलिमीटरच्या मोहात न पडता 4चे घ्यावेत. जांभळट, उजळ छटा हवी तर रोडोलाइट मागा, थोडे जास्त पैसे मोजून.

घोळ वेजात, म्हणजे मण्याच्या भोकात आहे. दोन्ही बाजूंनी पाडलेली वेजं मध्ये नीट जुळलेली नाहीत आणि तोंडाशी कपच्या उडाल्यात. ती धार साध्या नायलॉनच्या दोऱ्याला करवतीसारखी कापते. आली तशी गळ्यात घातलीत तर मणी घरभर वेचत बसाल. पटवेकऱ्याकडून दर मण्यामागे गाठ मारून रेशमात गाठवून घ्या; मण्यावर मणी घासून पैलूंच्या कडाही झिजणार नाहीत. रेशीम नको असेल तर स्टीलची बीडिंग वायर.

गाठवलेली सर पाण्यात बुडवू नका, ओल्या फडक्याने पुसा. वाफेची सफाई तर नकोच, तापमान एकदम बदललं की दगड तडकतो. काठिण्य मोहस् मोजपट्टीवर 7 ते साडेसात, हिऱ्याचं 10, तेव्हा हिऱ्याच्या कुड्यांबरोबर एका डबीत ठेवलीत तर चरे पडतील.

पाचपैकी साडेतीन. अर्धा गुण त्या 'गोमेद'साठी कापला, एक वेजासाठी.