मकाऊची चोच: डॉक्टरांकडे घासून घ्यावी की घरीच झिजू द्यावी?

आमचा गुंड्या निळा-पिवळा मकाऊ, म्हणजे मोठ्या जातीचा पोपट. त्याच्या बाबतीत मी दोन्ही करून पाहिलंय. पहिली दोन वर्षं दर चार महिन्यांनी पक्ष्यांच्या डॉक्टरांकडे ग्राइंडरने चोच घासून घ्यायचो. गेली तीन वर्षं घरीच लाकूड, करवंटी आणि एका खरखरीत दांडीवर भागतंय. नेलकटर मी पर्यायात धरतच नाही. चोचीच्या आत हाड असतं, रक्तवाहिन्या आणि नसा असतात. कटरच्या दाबाने वरचं कवच तडकू शकतं. विक्रेता कितीही सफाईने करून देतो म्हणाला तरी नको.

ग्राइंडरच्या बाजूने सांगण्यासारखं बरंच आहे. काम पटकन होतं, आणि त्याच भेटीत वजन होतं, तोंडातही बघून होतं. चोच वाकडी वाढत असेल किंवा वरची-खालची नीट जुळत नसेल, तर दुसरा मार्गच नाही. आणि ती एकाएकी झपाट्याने वाढायला लागली, तर घासण्याआधी यकृत तपासायला सांगा, विशेषतः पक्षी नुसत्या सूर्यफुलाच्या बियांवर वाढलेला असेल तर.

माझं अडलं ते टॉवेलपाशी. चोच घासताना पक्ष्याला टॉवेलमध्ये गुंडाळून धरतात. हे धरणंही कसबाचं, कारण पक्ष्यांना आपल्यासारखं श्वासपटल नसतं. छाती हलायला जागा राहिली नाही तर श्वास कोंडतो. आमच्या डॉक्टरांचा हात हलका होता, त्यांना बोल लावणार नाही. पण चौथ्या खेपेनंतर बाल्कनीत दोरीवरचा पंचा वाऱ्याने हलला, तरी गुंड्या पिंजऱ्याच्या कोपऱ्यात जाऊन चोच उघडी टाकून धापा टाकायचा. आठवडा-आठवडा हातावर यायचा नाही. आंघोळीनंतर खांद्यावर टॉवेल टाकून त्याच्या खोलीत जाणं मी सोडूनच दिलं. सगळे पक्षी इतकं मनाला लावून घेत नसतील, पण आमच्याने ते बघवेना.

घरचा उपाय सोपा, पण त्यात सातत्य लागतं. खरखरीत दांडी खाण्याच्या वाटीजवळ लावायची. झोपायच्या जागी नको, तळव्यांना जखमा होतात. खाऊन झालं की तो तिच्यावर चोच दोन्ही बाजूंनी पुसतो. शिवाय फवारणी न झालेली पेरूची फांदी, करवंटीचे तुकडे, आणि रोज एक सालासकट अक्रोड. अक्रोड तो पायात धरतो, जिभेने फिरवत शिवण शोधतो आणि खालच्या चोचीची धार नेमकी तिथे लावतो. कट्‌ आवाज येईपर्यंत चांगली दहा मिनिटं जातात.

भुसा घरभर होतो हे खरं. चोचही दवाखान्यातून आल्यावर असायची तशी चकचकीत दिसत नाही, बारीक पापुद्रे सुटतात. त्यांना घाबरू नका, जुना थर असाच जातो. मकाऊची वरची चोच मुळातच लांब असते. नवीन माणसाला ती उगाच वाढलेली वाटते.

दर महिन्याच्या एक तारखेला मी एकाच भिंतीपुढे बाजूने फोटो काढतो. मला तरी तीन वर्षांत टोकात फरक दिसलेला नाही. वर्षातून एकदा तपासणीला नेतो, तीही टॉवेल न लावता, हातावरच. एखाद्या महिन्यात टोक वेगळं दिसलं, तर त्याच दिवशी डॉक्टर गाठेन. तेव्हा टॉवेललाही माझी हरकत नसेल.