आंद्रियुस मामोन्तोवास : आठ महिन्यांच्या सहवासानंतर

लिथुआनियन भाषेचा गंध नसताना गेले आठ महिने मी आंद्रियुस मामोन्तोवास या गायक, संगीतकार आणि नटाचे काम ऐकतो-पाहतो आहे, आणि आरंभी बनलेले माझे मत आता बरेच बदलले आहे. सुरुवातच चुकीच्या टोकाकडून झाली. २००६ च्या अथेन्समधील युरोव्हिजन या युरोपीय देशांच्या गीतस्पर्धेत सूट घातलेल्या सहा लिथुआनियन पुरुषांनी ‘विजेते आम्हीच’ असे निकालाआधीच गाऊन टाकले, त्यांपैकी हा एक. सभागृहातून हुर्यो झाली, तरी सहावा क्रमांक मिळाला आणि तोवर त्या देशाला एवढे यश लाभले नव्हते. विनोद पहिल्यांदा झकास वाटतो. तिसऱ्यांदा ऐकवत नाही.

त्याचे खरे बळ ‘फोये’ या रॉक बँडच्या गाण्यांत आहे. शाळकरी वयात, १९८३ मध्ये लिथुआनियाच्या राजधानीत, विल्नियुसला सुरू केलेला हा बँड सोव्हिएत राजवट संपून देश स्वतंत्र झाल्यानंतरही गात राहिला आणि १९९७ मध्ये विंगिस पार्कात त्याने निरोप घेतला. शब्द कळत नसले तरी मध्येच ‘श्विएसा’, म्हणजे उजेड, ऐकू येते आणि आपला ‘श्वेत’ आठवतो. ‘नाक्तिस’ म्हणजे रात्र, तिथे संस्कृतातला त्याच अर्थाचा ‘नक्त’. भाषांचे हे दूरचे नाते कानांना अनपेक्षित आधार देते.

त्याच १९९७ मध्ये दिग्दर्शक एइमुन्तास नेक्रोशियुस यांनी त्याला हॅम्लेट केले. बर्फ आणि मेणबत्त्या लावलेल्या झुंबराखाली तो उभा राहतो, वरून पाणी ठिबकते आणि अंगातला कागदी सदरा भिजून विरू लागतो. रॉक गायकाला या भूमिकेत घेणे हा प्रसिद्धीचा डाव असेल, अशी माझी शंका होती. हे दृश्य पाहिल्यावर ती उरली नाही, कारण गाण्यात सतत पुढे येणारा हा माणूस इथे स्वतःवर काही घडू देतो.

चित्रपटसंगीतातही मला हाच संयम जाणवला. मारिस मार्टिन्सन्स यांच्या २००८ च्या चित्रपटात त्याने भूमिका केली, संगीतही दिले, आणि शांघाय महोत्सवात त्या संगीताला पुरस्कार मिळाला. चित्रपटाचे इंग्रजी नाव ‘लॉस’, मूळ लिथुआनियन नावाचा अर्थ मात्र ‘नको असलेली माणसे’. संगीत मला या दुसऱ्या नावाच्या जवळचे वाटते. तक्रार एकच आहे. हे संगीत प्रवासात, कानाला हेडफोन लावून नुसते ऐकले तेव्हा ते अपुरे वाटले आणि मी दोनदा अर्ध्यावर सोडले. चित्रपटासोबत ऐकले तेव्हा मात्र ते कुठे सुरू झाले हे मला कळलेही नाही. त्यामुळे गाणी मी रोज लावतो, चित्रपटसंगीत पडदा समोर असेल तेव्हाच.