दवाखान्यात रुग्णासाठी टेबलापलीकडची खुर्ची की कोपऱ्यालगतची?

अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ एडवर्ड हॉल यांनी १९६६ मध्ये मांडलेल्या, दोन माणसांमधील अंतराच्या वर्गीकरणानुसार साधारण ४५ सेंटीमीटर ते १.२ मीटर हे वैयक्तिक अंतर, तर तिथून ३.६ मीटरपर्यंतचे कामकाजाचे सामाजिक अंतर होय. डॉक्टर टेबलापलीकडे बसले की दुसरे अंतर आपोआप पडते. रुग्ण खुर्चीच्या कडेवर टेकतो, फाइल पुढे सरकवतो आणि विचारले तेवढेच सांगतो. टेबलाच्या कोपऱ्यालगत बसल्यास दोघे जवळ येतात, तरी नजर हवी तेव्हा बाजूला वळवता येते आणि रिपोर्ट एकत्र पाहता येतो. नाजूक दुखणे सांगताना ही मोकळीक फार मोलाची असते, म्हणून मला हीच मांडणी योग्य वाटते. मात्र पहिल्याच भेटीत एवढी जवळीक एखाद्याला अवघड वाटू शकते. तेव्हा खुर्ची रुग्णालाच सरकवू द्यावी.