शांती, समाधान, स्वस्थ की निवांत? घराच्या पाटीसाठी शब्द निवडताना

बेळगावच्या शहापुरात माझं पाट्या आणि पत्रिकांचं दुकान आहे. ग्रॅनाइटवर कोरलेली घरांची नावं, वास्तुशांतीच्या पत्रिका, लग्नाच्या, तेराव्याच्या, सगळं इथंच होतं. नवं घर बांधलेला माणूस खुर्चीत बसतो, फोनमधले फोटो दाखवतो आणि बहुतेक वेळा म्हणतो, "शांती म्हणून घालूया की." त्याला काय हवंय ते मला कळतं. कर्ज काढून, वर्षभर गवंड्याच्या मागं फिरून त्यानं घर उभं केलेलं असतं. दार लावलं की आत बरं वाटावं, एवढंच त्याला म्हणायचं असतं. पण त्या बरं वाटण्याला मराठीत शब्द पुष्कळ आहेत आणि ते एकमेकांच्या जागी बसत नाहीत. वडगावातल्या माझ्या स्वतःच्या घरासाठी शब्द ठरवायला मला दोन महिने लागले. ज्यांना आता ठरवायचंय त्यांच्यासाठी हे लिहितोय.

शांतीपासूनच सुरुवात करतो, कारण तिच्याएवढं मोठं घराणं दुसऱ्या कुठल्या शब्दाला नाही. भरतानं नाट्यात आठ रस धरले, शांत हा नववा म्हणून पुढं मानला गेला. मराठीनं तर त्याला यजमानपद दिलं. ज्ञानेश्वरीच्या अकराव्या अध्यायात विश्वरूपदर्शनाच्या आरंभी ज्ञानेश्वर सांगतात, की शांतरसाच्या घरी अद्भुतरस पाहुणा आलाय. 1290 सालच्या ग्रंथात शांत या शब्दाला असं घर मिळालेलं आहे. पाटीवर शांती घालणाऱ्याला याहून मोठा दाखला मी देऊ शकणार नाही. शिवाय आमच्या भागात एक सोय आहे. कन्नडमध्येही शांति, अर्थ तोच, उच्चारही जवळपास तोच. घराच्या पाटीला दुकानासारखा 60 टक्के कन्नडचा नियम नाही, पण पोस्टमन, गॅसवाला, शेजारी यांना वाचता यावं म्हणून बरेच लोक दोन्ही लिप्या मागतात. शांती दोन्हीकडं आपली वाटते.

आता शब्दाच्या पोटात काय आहे ते बघा. श्रम् पासून श्रांत, दम् पासून दांत, तसा शम् पासून शांत. म्हणजे शमलेला. आधी काहीतरी पेटलेलं किंवा उसळलेलं होतं, ते आता बसलं. आग शांत होते, भूक शांत होते, भांडण शांत होतं. मूळ नक्षत्रावर मूल जन्मलं की शांत करतात, साठ वर्षं झाली की साठीशांत, घर झालं की वास्तुशांत. तिथं 'शांत' स्त्रीलिंगी नाम होतं, आणि कुणाचा तरी कोप होऊ नये ही काळजी त्यात धरलेली असते. शांत म्हटलं की त्याच्या मागं गडबड उभीच असते.

बेळगावात राहणाऱ्याला तर हे वेगळं सांगायला नको. सणाच्या आधी शांतता समितीची बैठक. 1 नोव्हेंबरला एकीकडं कर्नाटक राज्योत्सवाची मिरवणूक, दुसरीकडं मराठी लोकांची काळ्या दिनाची फेरी, मधे पोलिसांच्या गाड्या. काही झालं की दुसऱ्या दिवशी पेपरात दोन शब्द ठरलेले: तणावपूर्ण शांतता. लहानपणी मला बरीच वर्षं शांतता म्हणजे शटर खाली ओढलेली दुकानं, असंच वाटायचं.

तरीही मी शांतीच ठेवली असती. नडलं ते दुसरंच.

घराचा स्लॅब पडला त्याच्या आसपास आप्पांना, म्हणजे माझ्या वडलांना, दम्याचा त्रास वाढला आणि एका रात्री त्यांना दवाखान्यात न्यावं लागलं. तीन तास फार वाईट गेले. मग औषध लागू पडलं, श्वास खाली बसला, त्यांनी डोळे मिटले. मी बाहेर कट्ट्यावर येऊन इचलकरंजीला बहिणीला फोन लावला, कारण ती रात्रभर वाट बघत बसलेली असणार. म्हटलं, "आक्का, आप्पा आता शांत झालेत." ती काही बोलली नाही. मग एवढंच विचारलं, "कधी?" मी म्हटलं, "अर्धा तास झाला असंल." फोन बंद झाला. मला वाटलं, रेंज गेली.

सकाळी सातच्या आत दवाखान्याच्या दारात दोन गाड्या उभ्या होत्या. आक्का, दाजी, चुलते, भाऊबंद, आणि एका गाडीत मागं हार ठेवलेले. आक्का जिना चढून वर आली तेव्हा आप्पा उशीला टेकून पेज घेत होते. ती दारातच खाली बसली. आप्पांना काय झालंय ते कळेना, आणि ते तिलाच विचारायला लागले, "का गं, घरात कोण गेलं काय?" त्या प्रश्नाला उत्तर द्यायची हिंमत आमच्यापैकी एकालाही झाली नाही. वाटेवरच्या चार गावांतल्या नातेवाइकांना तिनं रात्रीच फोन केलेले; ते सगळे परत करण्यात माझा दिवस गेला. आक्का आजही तो विषय काढू देत नाही.

चूक माझी. मी बोललो ते मराठी म्हणून बरोबर होतं आणि तिनं ऐकलं तेही बरोबरच होतं. 'वेदना शांत झाल्या' चालतं, 'मूल शांत झालं' चालतं. पण म्हातारं माणूस, दवाखाना आणि मध्यरात्र असली की 'शांत झाले' याला आपल्याकडं एकच अर्थ उरतो. आणि आता मोबाइलवर कुणाच्या निधनाची बातमी आली की खाली ओळीनं ॐ शांती, ॐ शांती. दुकानात तेराव्याच्या पत्रिकेवर मी तीच अक्षरं लावतो. दिवसभर ती लावायची आणि संध्याकाळी त्याच अक्षरांच्या पाटीखालून घरात शिरायचं, हे मला जमलं नसतं. तुम्हाला जमेलही. अनेकांच्या दारावर ती पाटी छान शोभते, मीच कोरून दिलेली आहे.

त्याच रात्री समाधान हा शब्दही माझ्या यादीतून गेला. साताऱ्याकडं दिलेली आत्या तेव्हा आमच्याकडं आलेली होती. डॉक्टर यायला वेळ लागत होता, ती घाबरून सारखी उठत होती. नर्सबाई चांगल्या होत्या, आत्याचा हात धरून म्हणाल्या, "समाधान माडकोरी, डॉक्टर बरतार." आमच्यासारख्याला यात काही खटकत नाही. कन्नडमध्ये समाधान म्हणजे धीर, जिवाची घालमेल थांबवणं. 'समाधान माडकोरी, डॉक्टर बरतार' म्हणजे जरा धीर धरा, डॉक्टर येतात. आत्यानं ऐकलं ते मराठी समाधान. भावाचा जीव जातोय आणि ही बाई समाधान मानून घ्या म्हणतेय. तिच्या डोळ्यात पाणी आलं. मी समजावून सांगितलं तेव्हा तिला पटलं, पण दुखायचं ते दुखून गेलेलं होतं. मराठीत समाधान म्हणजे मिळालं ते पुरे वाटणं. सुंदर शब्द आहे, फक्त इथं एकाच पाटीचे दोन अर्थ वाचले जातील. एखाद्याला तेच आवडेल, आणि मी त्याला नको म्हणणार नाही.

स्वस्थ थोडक्यात सांगतो. स्व-स्थ, स्वतःच्या ठिकाणी असलेला. अर्थानं बघाल तर घरासाठी याच्याइतका नेमका शब्द नाही. पण वापरात तो बहुतेक वेळा नकार घेऊन येतो. स्वस्थ बसवत नाही, दोन मिनिटं स्वस्थ बसत नाही, न्याय मिळेपर्यंत स्वस्थ बसणार नाही. त्यात हिंदीतलं स्वस्थ म्हणजे निरोगी, आणि तोच अर्थ आता मराठी जाहिरातींतही दिसतो. आमच्याकडं कन्नडचीही भर आहे: जेवणातून विषबाधा झाली की कन्नड पेपर मुलं 'अस्वस्थ' झाली म्हणून छापतो. मराठी वाचणाऱ्याला वाटतं मुलं बेचैन झाली, आणि ती तर सलाइनवर असतात. एका डॉक्टरांना मी हा शब्द सुचवला होता, त्यांनी आनंदानं घेतला. दवाखान्यावर तो खरंच शोभतो.

इथं जरा आडवाटेनं जातो, कारण हे मला फार आवडतं. जुन्या मराठीत उगा म्हणजे गप्प. रडणाऱ्या पोराला आपण अजून 'उगी उगी' म्हणतो. आणि तोच शब्द 'उगाच' झाला की अर्थ होतो विनाकारण. कन्नडमध्ये सुम्मने. सुम्मने म्हणजे गप्प, आणि सुम्मने म्हणजे उगाच. दोन वेगळ्या कुळांच्या भाषा, पण गप्प बसणं आणि विनाकारण असणं यांना दोघींनी एकाच शब्दात ठेवलंय. याच्या उलट निराळ. कन्नडमध्ये निराळ म्हणजे मनावरचं ओझं उतरलेलं; आपल्याकडं निराळा म्हणजे वेगळा. असे शब्द दिवसभर कानावर पडत असतात म्हणून इथला माणूस पाटीवरच्या एका शब्दासाठी जास्त विचार करतो, असं मला वाटतं.

आता निवांत.

गीतेच्या सहाव्या अध्यायात योग्याच्या मनाला निवात जागी ठेवलेल्या दिव्याची उपमा दिली आहे. निवात म्हणजे जिथं वारा नाही ती जागा. ज्योत हलत नाही. निवांत म्हटलं की मला तोच दिवा दिसतो. कानाला आणखीही शब्द त्याच्या शेजारी बसतात: तापवलेलं दूध निवतं, नातवंडाला बघून डोळे निवतात, गढूळ पाणी निवळतं. यातलं काहीच हुकमावर होत नाही. 'शांत बसा' शाळेत सांगतात, बैठकीत सांगतात, पोलीस सांगतात. 'निवांत बसा' कोण सांगतं? घरधनी सांगतो, खुर्ची पुढं करून. "निवांत या", "निवांत जेवा", "निवांत सांगतो", या प्रत्येक वाक्यात बोलणारा आपला वेळ समोरच्याला देत असतो.

आणखी एक गोष्ट मला वडगावानं शिकवली. माझ्या घराच्या डाव्या हाताला माग आहेत. सकाळपासून खटखट चालू. पाहुणे विचारतात, इथं तुम्हाला झोप कशी लागते? वीज गेली की सगळे माग एकदम थांबतात आणि गल्ली शांत होते, इतकी की लांबच्या रिक्षाचा आवाज येतो. त्या शांततेत एकही माणूस निवांत नसतो. विणकर दारात येऊन तारांकडं बघत उभे राहतात, कारण साडी अर्ध्यावर अडकलेली असते आणि मजुरी बुडत असते. वीज येते, खटखट सुरू होते, कांड्या भरून ठेवलेल्या असतात, आणि मग कोणीतरी कट्ट्यावर चहा घेऊन बसतो. तो निवांत. शांत राहायला आवाज थांबावा लागतो. निवांत माणूस मागाच्या आवाजातही निवांत असतो. ज्यांचं घर गणेशपूरच्या पुढं शेताच्या कडेला किंवा जांबोटी रस्त्याला झाडीत आहे, त्यांना हा फरक बारीक वाटेल. गल्लीत राहणाऱ्याला तो रोजचा आहे.

त्या पहाटे, आक्काच्या गाड्या यायच्या आधी, मी आत्याच्या घरी साताऱ्यालाही फोन केला होता. तिथं सहज तोंडातून गेलं, "आप्पा निवांत झोपलेत." त्यांनी देवाचं नाव घेतलं आणि फोन ठेवला. एकही गाडी निघाली नाही.

निवांतमध्ये उणं नाही असं नाही. "सध्या काय करता?" याला "निवांत आहे" असं उत्तर आलं की त्याचा अर्थ कामधंदा नाही असाही होतो. एका गिऱ्हाइकाच्या वडिलांनी याच कारणानं तो शब्द नको म्हटलं, मुलाला अजून नोकरी लागायची होती. त्यांच्या जागी मीही तेच केलं असतं. या शब्दाला शांतीसारखं देवघरातलं वजन नाही. कुणी गेलेल्या आईच्या किंवा बायकोच्या आठवणीसाठी घराला नाव देत असेल तर त्यानं शांतीच घ्यावी, निवांत तिथं तोकडा पडेल. आणि कन्नड शेजाऱ्याला तो वाचता येतो, पण कळत नाही.

आप्पा त्या आजारातून उठले आणि नव्या घराच्या कट्ट्यावर चार वर्षं बसले. ते गेले तेव्हा मी आक्काला फोनवर "आप्पा गेले" असंच सांगितलं, आणि पत्रिकेतही तेवढंच लावलं.

पाटी बसवायला आलेला माणूस बैलहोंगलकडचा होता. कन्नड ओळ त्यानं दोनदा वाचली आणि विचारलं, "निवांत अंदर एनरी?" निवांत म्हणजे काय हो? मी सांगायला लागलो, सावकाश म्हणा, आराम म्हणा, निराळ म्हणा. प्रत्येक शब्दाला त्यानं मान हलवली, पण त्याचं मन भरलं नाही हे दिसत होतं. चारही स्क्रू बसले. मी चहा मागवला आणि तो पाटीखालच्या कट्ट्यावर बसला. शेजारी माग चालू होते. त्याला पुढं अनगोळला जायचं होतं, तसं तो आल्या आल्या म्हणालाही होता. चहा संपला तरी तो उठला नाही. थोड्या वेळानं पाटीकडं न बघताच म्हणाला, "गोत्तायित बिडरी," कळलं म्हणून, आणि कप पुढं केला.