६१२ रुपये मुद्दल: गृहकर्जाच्या ५८ हप्त्यांचा अनुभव

एप्रिल २०२३ मध्ये माझ्या खात्यातून गृहकर्जाचा हप्ता गेला तो ३०,७७२ रुपयांचा. त्यातले ३०,१६० रुपये व्याजात जमा झाले आणि ६१२ रुपये मुद्दलात. मी ती ओळ तीनदा वाचली. आधी वाटलं छपाईत एखादा आकडा गळला असेल. मग वरच्या ओळी पाहिल्या. मार्चमध्ये मुद्दलात गेले होते १,४०३, फेब्रुवारीत १,३९३. कर्ज घेतलं तेव्हाच्या पहिल्या हप्त्यात हाच आकडा ७,७७२ होता.

कर्ज घेऊन तेव्हा दोन वर्षं झाली होती. मधल्या काळात मी स्टेटमेंट एकदाही नीट उघडलं नव्हतं, कारण हप्ता तेवढाच कापला जात होता. आता जानेवारी २०२६ चा हप्ता गेला, एकूण ५८ हप्ते झाले. घर घेणाऱ्या ओळखीच्या प्रत्येकाला मी हे सांगत असतो, आता एकदा सविस्तर लिहून ठेवतो.

आमचा फ्लॅट चिंचवडला आहे. दोन बेडरूमचा, रीसेलचा. व्यवहार ५० लाखांचा झाला. बँकेने ८० टक्के म्हणजे ४० लाख दिले, वरचे दहा आम्ही दोघांच्या बचतीतून आणि थोडे सासऱ्यांकडून उभे केले. मुद्रांक शुल्क, ३० हजारांची नोंदणी फी, वकील, सोसायटीची ट्रान्सफर फी, हे सगळं त्यावर, आणि यातल्या कशालाच कर्ज मिळत नाही. मार्च २०२१ मध्ये राज्य सरकारची मुद्रांक शुल्कातली दोन टक्क्यांची सवलत ३१ तारखेला संपणार होती. ५० लाखांवर एक लाख वाचणार म्हणून आम्ही अक्षरशः धावत नोंदणी केली, आणि त्या धावपळीत मंजुरीपत्र नीट वाचायचं राहिलं.

त्या पत्रात लिहिलेलं सगळं खरं होतं. व्याजदर ६.९ टक्के, रेपो दराशी (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते त्याच्याशी) जोडलेला. तेव्हा रेपो ४ टक्के होता आणि बँकेचा स्प्रेड, म्हणजे रेपोवर बँक स्वतःचा मिळवते तो भाग, २.९. मुदत २४० महिने. बँकेत बसलेल्या माणसाने कॅल्क्युलेटरवर दाखवलं होतं की वीस वर्षांत एकूण साधारण ७३ लाख ८५ हजार जातील, म्हणजे व्याज ३३ लाख ८५ हजार. तो आकडा मोठा वाटला, पण ठरलेला वाटला. तो ठरलेला नाही, रेपो हलला की हलतो, हे मला कुणी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

मे २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने रेपो वाढवायला सुरुवात केली. ४ टक्क्यांवरून फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५ टक्के. दहा महिन्यांत अडीच टक्के. माझं कर्ज दर तीन महिन्यांनी रीसेट होणारं, त्यामुळे दर ७.८, मग ८.८, मग ९.१५ आणि एप्रिल २०२३ ला ९.४ असा चढत गेला. प्रत्येक वेळी मोबाइलवर मेसेज आला की व्याजदर बदलला आहे, हप्ता आहे तोच राहील. हप्ता वाढला नाही याचंच मला बरं वाटत होतं. घरी बायकोलाही मी तेच सांगितलं, "बँकेने हप्ता नाही वाढवला आपला."

हप्ता तोच ठेवला की वाढते ती मुदत. दोन वर्षांनंतर माझे २१६ हप्ते राहायला हवे होते. मी एक्सेलमध्ये मांडून पाहिलं तेव्हा उत्तर आलं ५०२. आकडा चुकला असेल म्हणून शाखेत गेलो. कर्ज विभागातल्या मॅडमनी स्क्रीन माझ्याकडे वळवली, तिथेही तेच. ५०२ महिने म्हणजे जवळजवळ बेचाळीस वर्षं. मी तेव्हा अडतीस वर्षांचा होतो. ऐंशीव्या वर्षापर्यंत दरमहा ३०,७७२. पुढचं सगळं व्याज मोजलं तर साधारण १ कोटी १५ लाख, तेही साडेअडतीस लाखांच्या शिल्लक कर्जावर. मॅडम म्हणाल्या, "हप्ता वाढला की लोक भांडायला येतात सर, म्हणून आम्ही मुदतच वाढवतो." त्या खोटं बोलत नव्हत्या. मीही भांडायलाच गेलो असतो.

त्या दिवशी घरी येऊन आणखी एक हिशेब केला. तो मार्च २०२१ मध्येच करायला हवा होता. ४० लाख, वीस वर्षं, पण ९.४ टक्क्यांनी हप्ता किती बसतो? ३७,०२४. म्हणजे महिन्याला सव्वासहा हजार जास्त. हा आकडा आधी समोर असता, तर परवडेल का हे तेव्हाच ठरवता आलं असतं. फ्लोटिंग, म्हणजे असा बदलत राहणाऱ्या दराचं कर्ज घेणाऱ्याने आजच्या दरासोबत अडीच टक्के वाढवून हप्ता काढावा आणि तो झेपत असेल तरच सही करावी असं माझं आता ठाम मत आहे. २०२१ मध्ये व्याजदर तळाला होते. आम्ही त्यालाच नेहमीची पातळी समजलो.

मग जून २०२३ मध्ये दोन गोष्टी केल्या. एक मुदत ठेव मोडून २ लाख मुद्दलात भरले आणि हप्ता स्वतःहून ३८,००० करून घेतला. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व भरणा केला म्हणून बँक दंड लावू शकत नाही, रिझर्व्ह बँकेचा हा नियम २०१२ पासून आहे. तरीही काउंटरवर "चार्जेस लागतील" असं ऐकावं लागलं. नियम छापून नेला होता, तो पुढे ठेवल्यावर विषय मिटला. आणखी एक, पैसे भरताना अर्जावर "हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी" हे स्पष्ट लिहून द्या. काही ठिकाणी न सांगता हप्ता कमी केला जातो, आणि मग भरलेल्या पैशांचा निम्माही फायदा मिळत नाही.

या दोन गोष्टींनी शिल्लक महिने ५०० च्या आसपास होते ते १७९ वर आले. पुढचं व्याज १ कोटी १५ लाखांवरून साधारण साडेएकतीस लाखांवर. महिन्याला ७,२२८ रुपये जास्त आणि एकदाच २ लाख, एवढंच केलं होतं. मी हे कागद आठ दिवस परत परत तपासत होतो, कारण विश्वासच बसत नव्हता.

७,२२८ रुपये सहज आले नाहीत. गाडी बदलायची होती ती राहिली, दोन वर्षं गावाला आणि नातेवाइकांकडे सोडून कुठे फिरायला गेलो नाही. आणि ठेव मोडताना आम्ही एक चूक केली. हाताशी जेमतेम एका महिन्याचा खर्च उरला होता. सप्टेंबरमध्ये आईच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन निघालं तेव्हा भावाकडे हात पसरावा लागला. गृहकर्जात भरलेला पैसा साध्या कर्जात परत काढता येत नाही. ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज घेतलं तर जादा पैसे ठेवून लागतील तेव्हा काढता येतात. दर थोडा जास्त असतो, पण ज्यांची मिळकत वरखाली होते त्यांच्यासाठी मला तेच बरं वाटतं. साधं कर्ज असेल तर सहा महिन्यांचा खर्च बाजूला ठेवूनच पार्ट पेमेंट (मुद्दलात जादा भरणा) करा.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर वाढल्यावर बँकेने ग्राहकाला विचारलं पाहिजे: हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडं थोडं करायचं. मला हे सगळं स्वतः शोधून करावं लागलं होतं, आता ते विचारणं बँकेचं कामच आहे. दर तीन महिन्यांनी येणाऱ्या पत्रात भरलेलं व्याज, फिटलेलं मुद्दल, शिल्लक हप्ते आणि वार्षिक दर हे सगळं आलं पाहिजे. ते पत्र वाचा. त्यातला "शिल्लक हप्ते" हा आकडा मी फ्रिजवरच्या कॅलेंडरच्या मागे लिहून ठेवतो.

आता स्प्रेड. याबद्दल मला खरंच राग आहे. डिसेंबर २०२३ मध्ये ऑफिसमधल्या एकाने त्याच बँकेतून कर्ज घेतलं, दर ८.७ टक्के. माझा ९.४. रेपो दोघांनाही तोच. फरक स्प्रेडचा. नवीन ग्राहक यावेत म्हणून बँक त्यांचा स्प्रेड कमी करते आणि दोन वर्षं वेळेवर हप्ते भरणाऱ्या जुन्या ग्राहकाला काही सांगत नाही. मी अर्ज केला. ५,००० रुपये फी आणि ९०० रुपये जीएसटी घेऊन माझाही दर ८.७ झाला. हप्ता ३८,००० तसाच ठेवला, तर मुदत जवळपास तेरा महिन्यांनी कमी झाली. तेरा हप्ते म्हणजे पावणेपाच लाखांच्या वर, ५,९०० रुपयांत. दुसऱ्या बँकेत कर्ज हलवण्याची गरजही पडली नाही. (ते करायचं तर पुन्हा प्रोसेसिंग फी, वकिलाचा अहवाल आणि कर्जाच्या कागदांवरचं मुद्रांक शुल्क येतं, तेव्हा आधी आपल्याच बँकेला विचारा.) वर्षातून एकदा, नवीन ग्राहकाला काय दर देताय हे विचारायला शाखेत जा. मी दर जानेवारीत जातो.

कर्ज देताना आणखी एक गोष्ट जोडायचा प्रयत्न झाला होता: एकरकमी हप्त्याचा कर्जविमा, १ लाख १० हजारांचा. "कर्जातच धरून टाकू, खिशातून काही जाणार नाही" असं सांगितलं गेलं आणि "हे घेतलंत तर मंजुरी लवकर होते" असंही. ६.९ टक्क्यांनी वीस वर्षं धरलं तरी त्या १ लाख १० हजारांचे २ लाखांच्या वर होत होते. आम्ही नाही म्हटलं, मंजुरी त्याच आठवड्यात आली आणि मी वेगळा मुदत विमा काढला. घर घेताना विमा असलाच पाहिजे, माझ्या मागे हप्ते बायकोवर पडू नयेत. पण तो कर्जात मिसळून घेऊ नका.

करसवलतीबद्दल थोडक्यात. "व्याजावर टॅक्स वाचतो, कर्ज फेडायची घाई कशाला" हे मला तीन जणांनी सांगितलं, त्यातले एक सीए. २०२३-२४ मध्ये मी व्याज भरलं ३ लाख ३८ हजार. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट २ लाखांपर्यंतच मिळते. माझ्या २० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये त्याने वाचतात ४१,६०० रुपये. नव्या करप्रणालीत राहत्या घरासाठी तेही नाही. तीन लाख अडतीस हजार देऊन बेचाळीस हजार परत मिळवणं याला मी बचत म्हणणार नाही.

२०२५ मध्ये रेपो उतरला. फेब्रुवारी, एप्रिल, जून आणि डिसेंबर मिळून सव्वा टक्का, ५.२५ वर. माझा दर आता ७.४५ आहे. अ‍ॅपमध्ये हप्ता कमी करून घ्यायचा पर्याय आला होता, आम्ही घेतला नाही. ३८ हजारांची सवय झाली आहे आणि ती मोडायची नाही असं दोघांनी ठरवलं. २०२४ आणि २०२५ च्या दिवाळीला बोनसमधून एक-एक लाख मुद्दलात भरले.

एकूण हिशेब असा. पहिल्या २७ हप्त्यांत ८ लाख ३० हजार ८४४ रुपये भरले आणि फिटलं फक्त १ लाख ५१ हजार ६२३. आजवर हप्ते आणि पार्ट पेमेंट मिळून २४ लाख ८ हजार गेले. मुद्दल फिटलं ९ लाख ७१ हजार, त्यातले ४ लाख पार्ट पेमेंटचेच. बाकीचे १४ लाख ३७ हजार व्याज. घराची किंमत ५० लाख म्हणून लोक विचारतात तेव्हा मी आता ही रक्कमही त्यात धरून सांगतो. शिल्लक ३० लाख २८ हजार, शिल्लक हप्ते ११०. मूळ करारात शेवटचा हप्ता मार्च २०४१ चा होता, आता तो मार्च २०३५ च्या आसपास येईल. मुलीची तेव्हा दहावीची परीक्षा असेल.

मागच्याच महिन्यात बँकेकडून आमच्या कागदांची यादी लेखी मागून घेतली: मूळ खरेदीखत, आधीच्या मालकांची खरेदीखतं, इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयातला व्यवहाराचा उतारा), नोंदणीची पावती, सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट. कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत हे सगळं परत द्यायचं, उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. पण आपण काय काय दिलं होतं याची यादीच नसेल तर मागणार काय? २०२१ च्या धावपळीत ती घ्यायची राहिली होती.

जानेवारीच्या स्टेटमेंटमध्ये व्याज १८,९२२ आणि मुद्दल १९,०७८. अठ्ठावन्न हप्त्यांत पहिल्यांदाच मुद्दलाचा आकडा मोठा होता. बायकोने त्या ओळीखाली पेन्सिलने रेघ मारली आणि कागद एप्रिल २०२३ च्या कागदाशेजारी, फाइलमध्ये लावला.