विनोदी नटासाठी लेखन की स्वतःचाच एकपात्री प्रयोग?

नावाजलेल्या विनोदी नटासाठी लिहावे की स्वतःच लिहून स्वतःच रंगमंचावर उभे राहावे, असा पेच लातूर, नांदेड, परभणीकडच्या अनेक नव्या लेखकांपुढे असतो. या दोन्ही वाटा आधी चालून गेलेली माणसे मराठी रंगभूमीवर आहेत.

पहिल्या वाटेवर वसंत सबनीस दिसतात. १९६५ मध्ये आलेले ‘विच्छा माझी पुरी करा’ त्यांनी लिहिले, ते दादा कोंडके यांनी गाजवले, आणि १९७१ च्या ‘सोंगाड्या’चे लेखनही सबनीसांचेच होते. या वाटेवर प्रेक्षक आयता मिळतो. पण लोकनाट्याची संहिता हा निम्माच प्रयोग असतो, उरलेला निम्मा नट त्या दिवसाच्या घडामोडींवर ऐन वेळी रचत जातो, आणि घरी परतणारा प्रेक्षक दोन्ही निम्मे त्याच्याच नावावर जमा करतो. मी अशाच एका नटासाठी सहा वर्षे लिहिले. विंगेत वही घेऊन बसायचे, हशा आला तिथे टिंब, नाही आला तिथे फुली करायची आणि मध्यंतरात फुलीचे वाक्य बदलून द्यायचे, हेच माझे खरे शिक्षण झाले. ‘काय करलालास?’ हे वाक्य त्याने एकदा पुण्यात ‘काय करतोयस?’ असे म्हटले आणि नेहमीचा हशा आलाच नाही, कारण त्या क्रियापदाबरोबर पात्राचे गावच निघून गेले होते.

मराठवाडा विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणाऱ्या लक्ष्मण देशपांडे यांनी दुसरी वाट धरली. ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ त्यांनी स्वतः लिहिले आणि त्यातली ५२ पात्रे एकट्याने उभी केली. इथे शब्द आणि श्रेय दोन्ही आपलेच राहतात. २००९ मध्ये ते गेल्यावरही संहिता टिकली आणि संदीप पाठक यांनी तो प्रयोग पुढे नेला. मात्र ज्याच्या अंगात नट नाही त्याने केवळ श्रेयासाठी या वाटेला जाऊ नये.

हक्कांचा विचार पैशांच्याही आधी करावा. नटाकडे पगारी नोकरीत लिहिलेल्या मजकुराचा पहिला हक्क, करारात वेगळे म्हटले नसेल तर, मालकाचा ठरतो. मानधनावर लिहिलेल्याचा लेखकाकडे राहतो आणि तो लेखी, सहीनिशीच देता येतो. त्यात मुदत नमूद नसेल तर ती ५ वर्षे धरली जाते. माझा व्यवहार तोंडी होता, त्यामुळे जाहिरातीतून माझे नाव गळाले तेव्हा दाखवायला कागद नव्हता.

तरीही, कान तयार असेल तर पहिली तीन-चार वर्षे नटाबरोबर काढावीत, असेच मी सांगेन; फक्त जाहिरातीत लेखकाचे नाव कुठे आणि किती मोठ्या अक्षरांत येईल, हे पहिल्या तालमीआधी करारात लिहून घ्यावे.