पेठांतल्या फोटो-वॉकचा वर्षभराचा पास : संपत आल्यावर लिहिलेला अनुभव

आधी निकाल सांगते, म्हणजे घाईतल्यांना पुढचं वाचायला नको. पुण्याच्या जुन्या पेठांत पैसे भरून फोटो-वॉक, म्हणजे गाइडबरोबर फोटो काढत फिरणं, करायचा असेल तर छोट्या गटाचा, कामाच्या दिवशीचा आणि एकाच आळीत रेंगाळणारा घ्या. ‘एका सकाळी अर्धं पुणं’ छापाचा रविवारचा वॉक घेऊ नका. त्यात जे दिसतं ते आपलं आपण फिरूनही दिसतं, आणि फुकट दिसतं.

आता सविस्तर. गेल्या वर्षी पावसाळ्याच्या तोंडावर मी एका आयोजकांचा पास घेतला. मधूनमधून इतर गटांचे सुटे वॉकही केले, तुलना करायला. कुणाचंच नाव लिहीत नाही, कारण या धंद्यात माणसं सारखी इकडची तिकडे होतात. आज एकाकडे असलेला चांगला गाइड उद्या स्वतःचं काही सुरू करतो. तुमचा अनुभव ठरतो तो त्या दिवशी पुढे कोण चालतंय त्यावर. माझ्याकडे जुना मिररलेस कॅमेरा, ३५ मिमीची एकच लेन्स आणि मोबाइल. एवढं पुरतं. झूमचं अवजड धूड घेऊन आलेले लोक कसब्याच्या बोळात मागे सरकत सरकत कुणाच्या तरी उंबऱ्याला अडखळतात.

पैसे वसूल झाले असं पहिल्यांदा वाटलं ते उन्हाच्या बाबतीत. शनिवारवाड्याचा दिल्ली दरवाजा उत्तरेकडे तोंड करून आहे, हे मला लहानपणापासून ठाऊक. त्याचा फोटोशी काय संबंध, ते कधी डोक्यात आलं नव्हतं. थंडीत सूर्य दिवसभर दक्षिणेकडून फिरतो, म्हणजे दरवाज्याच्या पाठीमागून. डिसेंबरच्या कोवळ्या उन्हात तुम्ही हौसेने पटांगणात उभे राहता आणि समोरचे बुरूज काळवंडलेले, वर आभाळ पांढरंफटक. आमच्या गाइडने तिथे कॅमेरे काढूच दिले नाहीत. म्हणाला, ‘‘हा फोटो उन्हाळ्याचा आहे. आता कसब्यात चला.’’ मार्चमध्ये दिवस-रात्र सारखी झाली की सूर्य पूर्वेच्या थोडा उत्तरेला उगवायला लागतो, आणि मेच्या मध्यापासून जुलैअखेरपर्यंत तर पुण्यात भर दुपारीसुद्धा तो डोक्याच्या किंचित उत्तरेला असतो. त्या दिवसांत सकाळी लवकर आणि संध्याकाळी उशिरा ऊन उत्तरेच्या भिंतीला घासून जातं आणि दगडाचा एकूण एक खडबडीतपणा वर येतो. परवा मे महिन्यात एकटीने जाऊन पाहिलं. खरं निघालं.

याच वाड्याची दुसरी बाजूही सांगते. वाडा भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या ताब्यातला. आत ट्रायपॉड वापरायला आधी परवानगी लागते. दुसऱ्या एका गटाच्या पत्रकात ‘ट्रायपॉड अवश्य आणा’ असं लिहिलेलं होतं. सगळे आपापली तंगडी खांद्यावर टाकून आले आणि रखवालदाराने दारातच थांबवलं. आयोजक बाई उलट त्याच्याशीच हुज्जत घालत बसल्या. तोवर ऊन वर आलं. १७३० साली पाया घातलेली वास्तू, तिच्या दारात रोज काय चालतं काय नाही, एवढं पैसे घेणाऱ्याला माहीत हवं की नको?

आणि हो, नारायणरावांच्या खुनाची गोष्ट. १७७३ सालची ती घटना कुठल्याही गाइडला टाळता येत नाही, ते समजू शकते. पण अमावास्येच्या रात्री ऐकू येणाऱ्या हाका, ‘ध चा मा’ आणि वर भुताचा आवाज काढून दाखवणं, हे फोटोच्या वॉकमध्ये कशाला? तेवढ्या वेळात पहिलं ऊन निघून जातं.

सगळ्यात जास्त मी रमले तांबट आळीत. कसबा पेठेतली ही आळी म्हणजे पेशवाईत कोकणातून आलेल्या त्वष्टा कासारांची वस्ती. एके काळी इथून घरोघरी बंब, घंगाळं, हंडे जायचे. स्टील आलं, गीझर आले, ते बरंचसं संपलं. आता हॉटेलांसाठी आणि दिवाणखान्यात मांडायला भांडी घडतात. सकाळी सातच्या वॉकला इथे काहीच नसतं, बंद दारं आणि झोपलेली कुत्री. बहुतेक गट नेमके तेव्हाच येतात, दारांचे फोटो काढतात आणि ‘हेरिटेज’ म्हणून पुढे जातात. आमचा गाइड मंगळवारी, तेही साडेदहानंतर नेत असे. तेव्हा आळीत शिरण्याआधीच ठोके ऐकू येतात.

मठारकाम, म्हणजे भांड्याला हातोडीने ठोके देण्याचं काम, जवळून बघायला मिळणं हे या पासचं खरं मोल. कारागीर एका हाताने भांडं फिरवत असतो, दुसऱ्यात हातोडी. ठोका पडतो, भांडं जेमतेम बोटभर सरकतं, पुन्हा ठोका. प्रत्येक ठोक्याचा एक गोल चकचकीत खळगा, पहिल्याला अगदी चिकटून दुसरा. ओळ वाकडी होत नाही, आणि गडी बघत असतो भलतीकडेच, शेजाऱ्याशी बोलत. या ठोक्यांनी पत्रा घट्ट होतो, भांड्याला ताकद येते; नक्षी ही नंतरची गोष्ट. गाइडने आम्हाला आधी कॅमेरे खाली ठेवून नुसतं ऐकायला लावलं. ठोक्याचा ताल कानात बसला की हातोडी वर कधी जाणार ते आधीच कळतं आणि बटण बरोबर दाबलं जातं. मग आकडे सांगितले: शटर १/३० सेकंदाच्या आसपास, म्हणजे भांडं स्थिर आणि हातोडी जराशी पुसट; उजेड एक स्टॉप कमी, म्हणजे निम्मा, कारण तांबं फार चमकतं आणि चमकलेला भाग पांढरा झाला की तो मागाहून कशानेही परत येत नाही. फ्लॅश तर बिलकूल नको. दारातून आडवा येणारा उजेड त्या खळग्यांत सावली धरतो. समोरून फ्लॅश मारलात तर भांडं सपाट दिसतं.

एक कारागीर काका तिथे म्हणाले ते माझ्या डोक्यातून जात नाही. ‘‘ताई, एवढे लोक येतात, सगळे माझे हातच काढतात. तोंड एकाच्याही फोटोत नाही.’’ घरी येऊन मी माझे फोटो चाळले. काका खोटं बोलत नव्हते. फोटो-वॉकवाल्यांची ही एक लकबच झाली आहे: सुरकुतलेले हात, काळ्या-पांढऱ्यात, मागे सगळं अंधुक. त्या काकांना हवा होता तो फोटो अगदी साधा होता. केस विंचरून, नवा तयार झालेला बंब शेजारी ठेवून, समोर बघत. गाइडने तो काढायला लावला, आणि पुढच्या खेपेला प्रिंट नेऊन देणं हा आमच्या गटाचा नियमच होता, त्याचा खर्च फीमध्ये धरलेला. बाकी कुठल्याच गटात हे मी पाहिलं नाही. म्हणूनच आमच्यासाठी दारं उघडी असत आणि दुसऱ्यांना ‘‘मालक नाहीत’’ ऐकावं लागे.

वाड्यांच्या बाबतीतही तसंच. पेठेतल्या बोळात उभं राहून मोबाइलच्या ०.५ने, म्हणजे सगळ्यात रुंद लेन्सने, वाडा काढलात की वरचा मजला मागे कलंडतो आणि खांब एकमेकांकडे झुकतात. उपाय एकच, समोरच्या घराच्या पहिल्या मजल्यावर जायचं. समोरचं घर कुणाचं, त्यांची चहाची वेळ कोणती, तिथल्या आजींना कुणी आलेलं चालतं आणि कुणी नाही, हे गाइडला माहीत असेल तर तुमचं काम झालं. नसेल तर रस्त्यावरून माना वर करून जे मिळतं ते. आत चौकात गेलात तर उजेडाची मजा निराळीच. वरून आलेला उजेड चौकात सांडतो आणि ओसरीपर्यंत पोचेस्तोवर मऊ होतो. ओसरीच्या कडेला बसलेल्या माणसाचा चेहरा कसाही काढा, चांगलाच येतो. सुरूच्या आकाराचे खांब, वरची केळफुलं आणि कडीपाटाचं छत मात्र त्याच वेळी अंधारात बुडतं. दोन्ही एका फोटोत आणायचा हट्ट सोडून द्या.

पण वाड्यांत माणसं राहतात. एका सकाळी आमच्यातल्या एका गृहस्थांनी चौकात कपडे वाळत घालणाऱ्या बाईंना विचारलं, की दोरी जरा बाजूला घेता का, खांब झाकला जातोय. त्या म्हणाल्या, ‘‘घेते की. संध्याकाळपर्यंत तुमच्याकडे वाळत घाला.’’ गृहस्थ गप्प. फोटो दोरीसकट काढला आणि तोच त्यांचा त्या दिवसाचा सगळ्यात बरा फोटो निघाला, हे मी त्यांना तोंडावर सांगितलं.

सोमवार पेठेतलं त्रिशुंड गणपतीचं देऊळ ज्या वॉकमध्ये आहे तो सोडू नका. १७५४ मध्ये काम सुरू झालेलं, काळ्या दगडाचं, बाहेरून ठेंगणं आणि दर्शनी भाग कोरीवकामाने गच्च भरलेला. आत तीन सोंडांचा, मोरावर बसलेला गणपती. दर्शनी भागात गेंड्याला साखळदंडाने बांधणारे गोरे शिपाई कोरले आहेत. गणपतीच्या देवळावर गेंडा कुठून आला, यावर आमच्या गटात अर्धा तास वाद झाला. बंगाल-आसामकडे इंग्रजांनी जे केलं त्याची खबर पुण्याच्या शिल्पकाराला होती, असं सांगतात. वाद असो, काळ्या दगडावरचं ते शिल्प फोटोत उतरवणं अवघड आहे आणि गाइडने ढगाळ दिवस निवडला होता ते त्यासाठीच. कडक उन्हात काळा दगड एक तर चमकतो नाही तर खड्ड्यासारखा दिसतो. आत गाभाऱ्यात फोटोआधी पुजाऱ्यांना विचारायचं, हे वेगळं सांगायला नको.

मंडईवर फार लिहीत नाही, ती सगळ्यांनाच आवडते. १८८६ची अष्टकोनी इमारत, गव्हर्नर रे यांच्या नावाची. तिच्यावरच्या खर्चाला जोतीराव फुल्यांचा विरोध होता आणि आज तिला नाव त्यांचंच आहे. भाजीवाल्या मावशींना आधी काहीतरी विकत घेऊन मग कॅमेरा काढा. अर्धा किलो गवारीत भरपूर फोटो मिळतात.

भिडेवाड्यापाशी गट थांबतो तेव्हा मात्र काढायला काही नसतं. १८४८ मध्ये मुलींची शाळा जिथे भरली तो वाडा मोडकळीला आला होता आणि डिसेंबर २०२३ मध्ये स्मारकासाठी पाडला. गाइडकडे त्याआधीच्या वॉकमधले फोटो आहेत, तो ते टॅबवर दाखवतो. त्यात कलात्मक एकही नाही. सरळ समोरून काढलेले, पाट्या वाचता येतील असे, खालच्या दुकानांसकट. तेव्हापासून मी प्रत्येक वाड्याचा असा एक कंटाळवाणा फोटो आधी काढते, मग बाकीचे चाळे.

तक्रारींकडे येते. पास देताना ‘गट बारा जणांपर्यंत’ असं सांगितलं होतं. थंडीत मागणी वाढली आणि तो पंचवीस-तीसवर गेला. तांबट आळीतल्या एका खोलीत तेवढी माणसं शिरली की कारागिरापर्यंत उजेडच पोचत नाही. वॉक रद्द झाल्याचा निरोप पहाटे पाचला व्हॉट्सअ‍ॅपवर, तोही ‘सुप्रभात’च्या चित्रांच्या गर्दीत. नेहमीच्या गाइडऐवजी ऐन वेळी दुसराच मुलगा, ज्याला इतिहास पाठ होता पण कॅमेऱ्यातलं ओ की ठो कळत नव्हतं. गणेशोत्सवातले वॉक पासमध्ये नाहीत, हे छापलेलं होतं ते मुंगीएवढ्या अक्षरांत. त्याचं मला फारसं दुःख नाही. विसर्जन मिरवणुकीत तीस जणांचा गट सांभाळत फोटो काढणं कुणालाच जमणारं नाही. एका दुसऱ्या गटाच्या अर्जात तर तुमचे फोटो आम्ही जाहिरातीत न विचारता वापरू, असं कलम होतं. ते मी खोडून सही केली, आणि त्यांनी काही न बोलता घेतलं. वाचून सही करा.

नवशिक्यांनी घ्यावा का? कॅमेरा ऑटोवरून हलवायचाच नसेल तर साधा हेरिटेज वॉक करा, स्वस्त पडतो आणि इतिहास जास्त मिळतो. ज्यांना फोटो बरे येतात पण सगळे एकसारखेच येतात, त्यांना या वॉकचा खरा उपयोग आहे. एकटीने फिरणाऱ्या बायकांना गटाबरोबर बोळांत शिरायला सोपं जातं, हाही एक फायदा आहेच.

मी वर्षाचा पास परत घेणार नाही. त्या एका गाइडचे सुटे वॉक घेईन, आणि पैसे भरण्याआधी तीन गोष्टी फोनवर विचारेन: त्या दिवशी नेमकं कोण येणार, जास्तीत जास्त किती जण, आणि मागच्या वेळच्या प्रिंट पोचल्या का. तिसऱ्या प्रश्नाला पलीकडून ‘‘कुठल्या प्रिंट?’’ असं आलं की फोन ठेवायचा.

आणि गाडी घेऊन येऊ नका. २०२४ पासून मंडईला भुयारी मेट्रो आहे, तिथून कसबा चालत जमतो. आळीत दुचाकी लावलीत की ती तुमच्याच फोटोत येते.